हलवाई की वैद्य? वक्तृत्व आणि तत्त्वज्ञान यांचं ग्रीक भांडण

सांजवात (धागाकर्ती) । शनिवार, रात्री ९.१०

मी शाळेत २६ वर्षं मराठी शिकवलं. त्यातली बरीचशी वर्षं वक्तृत्व आणि वादविवाद स्पर्धांसाठी मुलांची तयारी करून घेतली. वादविवादात बाजू चिठ्ठी टाकून ठरते. एका वर्षी आठवीतल्या एका मुलीच्या वाट्याला तिला न पटणारी बाजू आली. तिने भाषण चोख पाठ केलं, तालमीला माझ्यासमोर उभी राहिली, दोन वाक्यं बोलली आणि थांबली. म्हणाली, "बाई, हे मला खरं वाटत नाही. तरी खरं वाटतंय असं बोलायचं?" मी म्हटलं, स्पर्धा आहे बाळ, बोल. ती बोलली, दुसरा नंबर आला, ढालही मिळाली. तिचा प्रश्न मात्र माझ्याजवळच राहिला. निवृत्तीनंतर प्लेटो हाती घेतला तो त्या प्रश्नापायीच, आणि गेली दोन वर्षं मी त्यातून बाहेर आलेले नाही. इथे कोणी हे वाचलं असेल तर त्यांच्याशी बोलायचं आहे, म्हणून हा धागा.

अथेन्सची लोकशाही म्हणजे बोलण्यावर चालणारं राज्य. प्निक्सच्या टेकडीवर सभा भरायची, काही ठरावांना तर ६,००० नागरिकांची हजेरी लागायची. "कोणाला बोलायचं आहे?" असा पुकारा झाला की कोणीही नागरिक उठून बोलू शकायचा. अशा गावात बोलायला शिकवणाऱ्याची चलती होणारच. इ.स.पू. ४२७ मध्ये सिसिलीतल्या लिओन्तिनी शहराचा गॉर्जियस सायराक्यूजविरुद्ध मदत मागायला म्हणून अथेन्सला आला आणि त्याच्या भाषणाने लोक भारावून गेले. 'हेलनची स्तुती' या त्याच्या छोट्या भाषणात तो म्हणतो की शब्द हा फार मोठा सत्ताधीश आहे; त्याचा देह इतका बारीक की डोळ्यांना दिसत नाही, पण त्याच्या हातून होणारी कामं देवांच्या तोडीची.

प्लेटोने पुढे याच गॉर्जियसच्या नावाने संवाद लिहिला. त्यातला एक प्रसंग मी किती वेळा वाचला असेन! गॉर्जियस सांगतो की माझा भाऊ हेरोडिकस वैद्य आहे. मी त्याच्याबरोबर रोग्यांकडे जातो. रोगी औषध प्यायला तयार नसतो, कापू देत नाही, डाग देऊ देत नाही. वैद्य सांगून थकतो. मग मी बोलतो आणि रोगी तयार होतो. माझ्याकडे वैद्यक नाही, नुसतं बोलणं आहे. पुढे जाऊन तो हेही सांगतो की गावच्या वैद्याची नेमणूक सभेत व्हायची असेल तर खऱ्या वैद्याला डावलून लोक वक्त्याला नेमतील.

संवादात गॉर्जियसला प्रश्न विचारतो तो प्लेटोचा गुरू सॉक्रेटिस. त्याचं त्यावरचं उत्तर प्रसिद्ध आहे. वक्तृत्व ही विद्याच नव्हे, तो सवयीने येणारा हातखंडा आहे, आणि त्याचं खरं नाव खुशामत. वैद्याच्या शेजारी जसा हलवाई, तसा न्यायाच्या शेजारी हा वक्ता. हलवायाला तुमच्या जिभेला काय आवडेल ते कळतं, तुमच्या देहाला काय मानवेल ते कळत नाही. तो पुढे म्हणतो, पोराटोरांना पंच म्हणून बसवा आणि हलवायाला वैद्यावर फिर्याद करू द्या. हलवाई म्हणेल, मुलांनो, या माणसाने तुम्हाला कापलं, डागलं, उपाशी ठेवलं, कडू काढे पाजले, आणि मी तुम्हाला गोडधोड खाऊ घातलं. वैद्य काय बोलणार? "हे सगळं तुमच्या प्रकृतीसाठीच केलं," एवढं तो म्हणाला तरी पोरं केवढा गिल्ला करतील!

इथपर्यंत बहुतेकांना ठाऊक असतं आणि बहुतेक जण इथेच थांबतात: प्लेटो वक्तृत्वाचा शत्रू. मला तसं वाटत नाही. त्याच संवादात पुढे गॉर्जियसचा यजमान कॅलिक्लीझ सॉक्रेटिसशी वाद घालताना चिडतो आणि उत्तरं देणंच बंद करतो. सगळी सॉक्रेटिसची रीत प्रश्न आणि छोट्या उत्तरांची, आणि आता समोरचा गप्प. तेव्हा "अजून उठायचं नाही, पुढे सांग" अशी विनंती कोण करतो? खुद्द गॉर्जियस. मग सॉक्रेटिस स्वतःच प्रश्न विचारतो, स्वतःच उत्तर देतो, आणि शेवटी मेल्यानंतरच्या न्यायाची एक लांबलचक कथा सांगतो. लांब बोलू नका म्हणून ज्याने इतरांना अडवलं, त्याच्यावरच लांब बोलायची वेळ आली. प्लेटोने हे नकळत लिहिलेलं नाही. खरं माहीत असणं आणि ते दुसऱ्याच्या गळी उतरणं यांत जी दरी आहे, ती त्याला पुरती दिसलेली आहे.

म्हणूनच प्लेटोचा दुसरा संवाद 'फीड्रस' वाचताना मला वेगळा प्लेटो भेटला. तिथे शहराबाहेर इलिसस ओढ्याच्या काठी, चिनाराच्या जातीच्या एका डेरेदार झाडाखाली, पाण्यात पाय घालून सॉक्रेटिस आणि फीड्रस बोलत बसतात. वर टळटळीत दुपार, सिकाडा नावाचे किडे किरकिरताहेत. फीड्रसने अंगावरच्या वस्त्राखाली लिसियस या भाषणं लिहिणाऱ्याचं एक भाषण लपवून आणलेलं असतं. आणि इथे सॉक्रेटिस म्हणतो की वक्तृत्वाची गत वैद्यकासारखीच आहे! वैद्याला देह जाणावा लागतो, तसं वक्त्याला मन जाणावं लागतं: मनं किती तऱ्हांची, कोणत्या मनाला कोणतं बोलणं पटतं आणि का. ज्या कलेला पूर्वी हलवायाच्या दुकानात बसवलं होतं, तिला आता वैद्याच्या शेजारी आणून बसवलं. अटी मात्र दोन आहेत, आणि दोन्ही कडक. ज्या विषयावर बोलायचं त्यातलं खरं माहीत हवं, आणि ऐकणाऱ्याचं मन माहीत हवं.

माझा प्रश्न: या अटी कोणा हाडामांसाच्या माणसाला पाळता येतील का? आणि नसतील पाळता येत, तर आम्ही शाळांमधून मुलांना काय शिकवलं?


कडूनिंब । शनिवार, रात्री १०.२५

ताई, धागा मनापासून आवडला, पण तुम्ही गॉर्जियसला फार सोडून देताय असं वाटतं.

'हेलनची स्तुती' पुन्हा पाहा. ग्रीक पुराणकथेतली हेलन नवऱ्याला सोडून ट्रॉयला गेली आणि त्यापायी युद्ध झालं; त्यात तिचा दोष नाही हे त्याला दाखवायचं आहे. देवांची इच्छा असेल, बळजबरी झाली असेल, प्रेमाने घेरलं असेल, किंवा शब्दांनी भुलवलं असेल; चौघांतलं काहीही असलं तरी ती निर्दोष. शब्दांनी भुलवणं त्याने बळजबरीच्या पंक्तीला बसवलं आहे. औषधांचा दाखलाही तिथेच येतो: काही औषधं रोग संपवतात, काही आयुष्य संपवतात, तसे काही शब्द दुःख देतात, काही धीर देतात, काही मनाला विष घालतात. म्हणजे ऐकणारा माणूस निव्वळ रोगी; त्याच्यावर प्रयोग होणार, तो विचार करणार नाही. आणि भाषणाचा अगदी शेवटचा शब्द कोणता? 'खेळणं'. हे सगळं माझ्यासाठी खेळणं होतं, असं सांगून तो थांबतो.

ज्या माणसाला शब्दाची ताकद इतकी नेमकी कळली, त्याने ती खेळणं म्हणून हातात धरावी याची मला भीती वाटते. प्लेटोला राग आला तो याचाच. ज्याच्या हातात असलं औषध आहे, त्याला "तू वैद्यक शिकलास का?" असं विचारणं अगदी रास्त आहे.


रानवाट । रविवार, सकाळी ७.४०

मी ग्रामीण रुग्णालयात डॉक्टर आहे. तत्त्वज्ञान शिकलेलो नाही, पण हेरोडिकसचा प्रसंग वाचून रात्री झोप लागली नाही, म्हणून लिहितोय.

मधुमेहाचे एक आजोबा आले होते. पायाचा अंगठा काळा पडलेला, वास सुटलेला. अंगठा आज काढला तर पाय वाचेल, आठवडा गेला तर गुडघ्याखालून काढावा लागेल, हे मी त्यांना तीनदा समजावलं. साखरेचे आकडे सांगितले, रक्तपुरवठ्याचं चित्र काढून दाखवलं. आजोबा भिंतीकडे तोंड करून झोपले. दुपारी आमच्या सिस्टर ड्रेसिंगला गेल्या. पाय मांडीवर घेऊन सावकाश पट्टी सोडता सोडता त्यांनी विचारलं, "बाबा, शेतावर चालत जाता का गाडीवर?" चालतच जातो म्हणाले. "किती लांब?" मग विहिरीचं निघालं, मग बैलांचं. पाऊण तासाने सिस्टरांनी मला हाक मारली, आजोबांनी अंगठा टेकवला होता कागदावर. अंगठा गेला, पाय राहिला.

आता सिस्टरांना काय म्हणायचं? हलवाई तर नाहीच. पण त्यांनी माझ्यापेक्षा वेगळं काही खरं सांगितलं असंही नाही. त्या २० वर्षं ड्रेसिंग करताहेत, जखम मला दिसते तितकीच त्यांना दिसते. मला दिसला पाय, त्यांना पायावर उभा राहणारा माणूसही दिसला. सांजवातताईंनी फीड्रसमधल्या ज्या दोन अटी लिहिल्या आहेत, त्यातली दुसरी आम्हाला पाच वर्षांत कोणी शिकवली नाही. ती अट कोणाला पाळता येईल का, असं तुम्ही विचारलंत. मी पाळलेली पाहिली आहे.


अबोली । रविवार, सकाळी ९.०५

डॉक्टर, अंगावर काटा आला वाचून. सिस्टरांना नमस्कार सांगा.

एक बाळबोध प्रश्न आहे. सोफिस्ट म्हणजे पैसे घेऊन बोलायला शिकवणारे आणि तत्त्वज्ञ म्हणजे सत्य शोधणारे, असं आम्ही कॉलेजात पाठ केलं होतं. तेव्हाच्या अथेन्समधल्या साध्या माणसाला हा फरक दिसत असेल का? की हा फरक प्लेटोने पाडला आणि आपण तो त्याच्या चष्म्यातून पाहतोय?


शब्दार्थी । रविवार, सकाळी ११.३०

अबोली, प्रश्न बाळबोध मुळीच नाही. मोठमोठे अभ्यासक त्यावर भांडत आले आहेत.

साध्या माणसाला फरक दिसत नव्हता याचा पुरावा रंगभूमीवरच आहे. इ.स.पू. ४२३ मध्ये ॲरिस्टोफेनीसचं 'ढग' हे नाटक झालं. त्यात सॉक्रेटिस शाळा चालवतो आणि तिथे लटकी बाजू खऱ्या बाजूवर कशी मात करते ते शिकवतो. कर्जबाजारी बाप सावकारांना बुडवायची युक्ती शिकायला तिथे जातो. सॉक्रेटिसने फी कधी घेतली नाही, वक्तृत्व कधी शिकवलं नाही. तरी प्रेक्षकांना हे चित्र ओळखीचं वाटलं. २४ वर्षांनी सॉक्रेटिसवर खटला उभा राहिला तेव्हा त्याने कोर्टात या जुन्या बदनामीचा उल्लेख केला.

आता शब्दांकडे या. 'रेटोरिके', म्हणजे वक्तृत्वाची कला, हा शब्द उपलब्ध ग्रीक वाङ्मयात पहिल्यांदा आढळतो तो प्लेटोच्या 'गॉर्जियस'मध्येच. त्याआधी हे शिक्षक आपल्या विद्येला सरळ 'लोगोस' म्हणत. लोगोस म्हणजे शब्द, बोलणं, विचार, कारण, हिशेब, सगळं एकत्र. प्लेटोनेच हा शब्द घडवला असावा असं काही अभ्यासकांचं म्हणणं आहे. ते खरं असेल तर गोष्ट फार मोठी आहे. आधी बोलणं आणि विचार करणं एकाच शब्दात नांदत होतं. त्यातलं बोलणं बाजूला काढून त्याला स्वतंत्र नाव दिलं, म्हणजे उरलेलं आपोआप तत्त्वज्ञानाच्या वाट्याला आलं.

आणि 'फिलोसोफिया' हा शब्द तरी एकट्या प्लेटोचा होता का? इथे आयसॉक्रेटिसला आणल्याशिवाय गोष्ट पुरी होत नाही. जन्म इ.स.पू. ४३६, मृत्यू ३३८, म्हणजे जवळजवळ शंभरी. बापाचा पाव्यासारखी वाद्यं बनवायचा कारखाना होता, तो पैसा युद्धात गेला. आवाज बारीक, सभेत उभं राहायचा धीर नाही. हे त्याने स्वतःच लिहून ठेवलं आहे. म्हणून हा माणूस वक्तृत्वाचा सर्वांत मोठा शिक्षक झाला तो लिहून. प्लेटोच्या अकादमीच्या आधीच त्याची शाळा सुरू झाली होती. फी १,००० ड्राख्मा, आणि कुशल कारागिराची दिवसाची मजुरी पाचव्या शतकाच्या अखेरीस साधारण एक ड्राख्मा होती, यावरून अंदाज घ्या. आपल्या शिकवण्याला तो कधीही 'रेटोरिके' म्हणत नाही. तो त्याला 'फिलोसोफिया' म्हणतो! प्लेटोच्या मंडळींचा भूमितीचा आणि वादाचा अभ्यास त्याला बुद्धीची तालीम म्हणून चालतो, पण तत्त्वज्ञान हे नाव द्यायला तो तयार नाही.

त्याचं म्हणणं दुर्लक्ष करण्यासारखं नाही. वयाच्या ८२ व्या वर्षी लिहिलेल्या 'अँटिडोसिस'मध्ये तो म्हणतो की काय करावं आणि काय बोलावं याचं पक्कं ज्ञान माणसाला कधीच मिळायचं नाही. तेव्हा शहाणा तो, ज्याचं मत बहुतेक वेळा नेमक्या जागी पडतं. उद्या युद्ध करायचं की तह, हे आज ठरवायचं आहे. पक्कं ज्ञान येईपर्यंत सभा थांबणार नाही.

तेव्हा भांडण 'तत्त्वज्ञान विरुद्ध वक्तृत्व' एवढं सरळ नव्हतं. एकाच गावात दोन शाळा होत्या, दोन्ही स्वतःला तत्त्वज्ञान म्हणवत होत्या, आणि एकाच घरांतली मुलं आपल्याकडे यावीत म्हणून झटत होत्या. प्लेटोची शाळा जिंकली, म्हणून आज आपण त्याने दिलेली नावं वापरतो.


कडूनिंब । रविवार, दुपारी १२.१५

आयसॉक्रेटिसबद्दल एवढं ठाऊक नव्हतं, आभार. पण "पक्कं ज्ञान मिळत नाही, तेव्हा चांगलं मत पुरे" हे ऐकायला शहाणपणाचं वाटलं तरी सभेत त्याचं काय होतं ते इतिहासात आहे. क्लिऑन नावाचा पुढारी उठला, तावातावाने बोलला, आणि अथेन्सच्या लोकांनी एका अख्ख्या शहराच्या कत्तलीचा ठराव हात वर करून मंजूर केला. मिटिलीनी. हे बोलण्यावर चालणाऱ्या राज्याचं फळ.


गोदातीर । रविवार, दुपारी ४.५०

मी तालुका कोर्टात वकिली करतो. सकाळपासून वाचत होतो. मिटिलीनीचं नाव निघालं, आता गप्प बसवत नाही. कडूनिंब, तुम्ही अर्धीच गोष्ट सांगितलीत. उरलेली अर्धी मला इतकी प्रिय आहे की थोडं सविस्तर लिहितो.

लेस्बॉस बेटावरच्या मिटिलीनीने अथेन्सविरुद्ध बंड केलं आणि इ.स.पू. ४२७ मध्ये शरणागती पत्करली. (ताई, गॉर्जियस अथेन्सला आला तेच हे वर्ष.) सभेने रागाच्या भरात ठरवलं की सगळे प्रौढ पुरुष मारायचे, बायकामुलांना गुलाम करायचं. हुकूम घेऊन जहाज निघालंसुद्धा. रात्र गेली आणि सकाळी लोकांच्या मनाला टोचणी लागली: दोषी कोण, निर्दोष कोण न पाहता अख्खं शहर? सभा पुन्हा बोलावली. इतिहासकार थ्युसिडिडीसने त्या सभेतली दोन भाषणं दिली आहेत.

क्लिऑन म्हणतो, ठरलं ते ठरलं. आणि बोलण्यालाच नावं ठेवतो: तुम्ही लोक भाषणांचे प्रेक्षक झाला आहात, तमाशाला बसावं तसे सभेला बसता, चतुर बोलणारा भेटला की भुलता. हे शब्द प्लेटोच्या तोंडी शोभतील असे आहेत! वक्त्यांवर विश्वास ठेवू नका, असं सांगणारा हा माणूस स्वतः अट्टल वक्ता होता.

त्याच्याविरुद्ध डायोडोटस उठला. त्याचं नाव एरवी इतिहासात कुठे येत नाही. तो आधी एवढंच म्हणतो की घाई आणि राग हे नीट विचाराचे दोन वैरी. नंतर तो जे करतो त्यापाशी मी वकील म्हणून प्रत्येक वेळी थबकतो. तो दया मागत नाही. न्यायाचा प्रश्न बाजूला ठेवू, म्हणतो. ते दोषी असतील, पण आपल्या फायद्याचं काय ते पाहू. शरण आल्यावरही मरणच आहे असं कळलं तर पुढचं बंडखोर शहर शेवटपर्यंत लढेल. तिथल्या सामान्य लोकांनी हाती शस्त्रं येताच शहर आपल्या स्वाधीन केलं. त्यांना मारलंत तर प्रत्येक शहरातला सामान्य माणूस तुमचा शत्रू होईल. असा सगळा हिशेब. त्यातच एक भयंकर वाक्य तो बोलून जातो: या शहरात चांगला सल्ला देणाऱ्यालाही विश्वास मिळवायला खोटं बोलावं लागतं.

मतं जवळजवळ सारखी पडली. थोडक्यात डायोडोटस जिंकला. लगेच दुसरं जहाज सोडलं. पहिलं साधारण एक दिवस आणि एक रात्र पुढे होतं. मिटिलीनीच्या दूतांनी दुसऱ्या जहाजावर दारू आणि जवाचं पीठ चढवलं, वेळेवर पोचलात तर मोठं बक्षीस देऊ म्हणाले. वल्हेकऱ्यांनी वल्ही सोडली नाहीत. दारू आणि तेलात मळलेलं पीठ वल्हवता वल्हवताच खाल्लं, पाळीपाळीने झोपले. पहिल्या जहाजाला असल्या कामाची घाई नव्हती, वाराही आडवा आला नाही. सेनापती पाकीसने हुकूम वाचला होता, अंमल सुरू होणार होता, तेवढ्यात दुसरं जहाज बंदराला लागलं.

शहर वाचलं. बंडाचे म्होरके म्हणून हजाराहून थोडे जास्त लोक तरीही मारले गेले, हेही सांगितलं पाहिजे.

माझा प्रश्न प्लेटोला आहे. डायोडोटसला कोणत्या खणात टाकायचं? त्याच्या मनात दया होती का नव्हती, कोण जाणे. असेल, तर ती त्याने लपवली, कारण त्या सभेला फायद्याचीच भाषा कळत होती. ऐकणाऱ्याचं मन ओळखण्याची अट त्याने पाळली. पहिली पाळली की मोडली?

सॉक्रेटिसचा खटला मी याच्याशेजारी ठेवून वाचतो. अथेन्सच्या कोर्टात वकील नसत. आपली बाजू आपणच मांडायची, फार तर लिसियससारख्याकडून भाषण लिहून घ्यायचं. वेळ पाण्याच्या घड्याळावर मोजत. असं एक मातीचं भांडं अथेन्सच्या बाजारचौकाच्या उत्खननात सापडलं आहे, त्यात ६.४ लिटर पाणी मावतं आणि बुडाशी असलेल्या तोटीतून ते साधारण सहा मिनिटांत रिकामं होतं. सॉक्रेटिस म्हणतो, मला कोर्टाची भाषा येत नाही, बाजारात बोलतो तसाच बोलणार. मुलाबाळांना उभं करून रडवणार नाही म्हणतो, आणि तसं करत नाही. मतमोजणी झाल्यावर म्हणतो, ३० मतं इकडची तिकडे झाली असती तर मी सुटलो असतो. ३०! दोषी ठरल्यावर शिक्षा सुचवायची पाळी आली तेव्हा त्याने सरकारी खर्चाने जेवणाचा मान मागितला. त्याचं धैर्य मला वंदनीय आहे. पण समोर बसलेले सुमारे ५०० पंच हेही अथेन्सचेच लोक होते, ज्यांच्या मनाची काळजी घ्या असं तो आयुष्यभर सांगत आला. त्या दिवशी त्याने त्यांना डायोडोटससारखं जोखलं नाही, की जोखायचं नाकारलं?


अबोली । रविवार, सायंकाळी ६.२०

जहाजाचा भाग मी घरात मोठ्याने वाचून दाखवला. माझा मुलगा "पोचलं का? पोचलं का?" करत होता.


कडूनिंब । रविवार, रात्री ८.००

गोदातीर, अर्धी गोष्ट सांगितली हे कबूल. पण डायोडोटसच्या विजयाने मी निश्चिंत होत नाही. ११ वर्षांनी, इ.स.पू. ४१६ मध्ये, मेलॉस या बेटावर हीच पाळी आली, आणि तिथे पुरुषांची कत्तल झाली, बायकामुलं गुलाम झाली. त्या वेळी दुसरं जहाज सुटलं नाही. फायद्याच्या हिशेबाने एकदा जीव वाचले, पण न्याय हा शब्द सभेत उच्चारायचा नाही याची सवयही त्याच हिशेबाने लागली असेल. जे बोलणं आज जीव वाचवतं ते ऐकणाऱ्याला कसा माणूस बनवतं, हे कोणीतरी विचारायला हवं. प्लेटो ते विचारतो. म्हणून मी त्याच्या बाजूचा.


शब्दार्थी । रविवार, रात्री ९.४५

दोघांच्याही मधल्या जागेत ॲरिस्टॉटल उभा आहे असं मला वाटतं. तो अकादमीत २० वर्षं होता. प्लेटोचा हा सगळा संताप त्याने जवळून ऐकला असणार. तरी त्याच्या 'रेटोरिके' या ग्रंथाचं पहिलं वाक्य आहे: वक्तृत्व हे तर्कचर्चेचं जोडकडवं आहे. ग्रीक नाटकात वृंद एक कडवं गात एकीकडे सरकतो आणि त्याच चालीवर दुसरं कडवं गात परत येतो, त्या दुसऱ्या कडव्याचा शब्द त्याने वापरलाय. 'गॉर्जियस'मध्ये प्लेटोने तोच शब्द वापरून वक्तृत्वाला पाककलेचं जोडकडवं म्हटलं होतं! गुरूचा शब्द उचलला आणि त्याच्या शेजारची जागा बदलली.

फीड्रसमध्ये प्लेटोने जी मागणी केली, मनांच्या तऱ्हा जाणा, ती ॲरिस्टॉटलने दुसऱ्या भागात पुरी करायला घेतली. राग म्हणजे काय, तो कोणावर येतो, कोणत्या अवस्थेत येतो. भीती, लाज, दया, मत्सर. तरुण माणसं कशी असतात, म्हातारी कशी. डॉक्टरांच्या सिस्टरांना जे हाताने कळलं होतं, त्याची ही पहिली सविस्तर मांडणी.

सांजवातताई, तुमच्या विद्यार्थिनीच्या प्रश्नावरही तो बोलतो. दोन्ही बाजूंनी बोलता आलं पाहिजे, म्हणतो. वाईट गोष्ट पटवण्यासाठी नव्हे, तर प्रकरण खरोखर काय आहे ते आपल्याला कळावं आणि दुसरा कोणी शब्द वाकडे वापरू लागला तर उत्तर देता यावं म्हणून. अंगबळाने स्वतःला राखता न येणं लाजिरवाणं आणि शब्दाने न येणं नाही, हे विचित्रच, असंही म्हणतो. शब्द तर माणसाचा जास्त खास.

अवांतर: आपल्याकडे हा प्रश्न न्यायशास्त्राने, म्हणजे प्राचीन भारतीय तर्कशास्त्राने, एकाच घरात सोडवला. सत्य ठरवायला केलेली चर्चा तो वाद, जिंकण्यासाठी केलेली तो जल्प, आणि स्वतःची बाजू न मांडता नुसतं खोडत राहणं ती वितंडा. 'वितंडवाद' हा आपला रोजचा शब्द तिथूनच आला. पण न्यायसूत्रं जल्प आणि वितंडेला हाकलून देत नाहीत. कोवळ्या रोपाभोवती काटेरी फांद्यांचं कुंपण घालतात, तसं सत्याच्या रक्षणापुरतं त्यांना वापरा, म्हणतात. हे वाचलं की मला बांधावरची बाभळीची काटकं आठवतात.


रानवाट । रविवार, रात्री १०.३०

शब्दार्थी, ॲरिस्टॉटल वैद्याचा मुलगा होता असं ऐकलं आहे. तो वक्तृत्वाला वैद्यकाशी कुठे ताडतो का?


शब्दार्थी । रविवार, रात्री १०.५०

हो, वडील निकोमाकस मॅसिडोनियाच्या राजाकडे वैद्य होते. आणि ताडतो, अगदी सुरुवातीलाच. वक्तृत्वाचं काम पटवून दाखवणं हे नव्हे, म्हणतो. प्रत्येक प्रसंगी पटण्याजोगं काय काय आहे ते पाहणं हे. जसं वैद्यकाचं काम बरं करणं हे नव्हे, तर जितकं पुढे नेता येईल तितकं नेणं. जे कधी बरे व्हायचे नाहीत, त्यांच्यावरही नीट उपचार करता येतात.


रानवाट । रविवार, रात्री ११.०५

हे शेवटचं वाक्य उद्या सिस्टरांना वाचून दाखवतो. आजोबांच्या आदल्याच आठवड्यात एक बाई आल्या होत्या. सिस्टर त्यांच्याजवळही तितकाच वेळ बसल्या होत्या, तितक्याच मायेने बोलल्या होत्या. बाई सही न करता घरी गेल्या. सिस्टर अजून त्याचा दोष स्वतःला लावून घेतात.


सांजवात । सोमवार, सकाळी ६.५५

रात्रभर हाच धागा डोक्यात होता. तुम्हा सगळ्यांनी वेळ काढून लिहिलंत, मनापासून आभार.

कडूनिंब, तुमचा मेलॉसचा मुद्दा मला खोडता येत नाही आणि खोडायचाही नाही. गोदातीर, पहिली अट डायोडोटसने पाळली की मोडली, यावर मी रात्री तीनदा मत बदललं. सध्या मला वाटतं की त्याने खरंच सांगितलं, पण सगळं सांगितलं नाही. आणि प्लेटोला हे पुरेसं वाटलं नसतं. शब्दार्थी, फीड्रसचं शेवटचं पान तुमच्यामुळे पुन्हा उघडलं. तिथे सॉक्रेटिस तरुण आयसॉक्रेटिसबद्दल म्हणतो की या मुलाच्या मनात जात्याच काही तत्त्वज्ञान आहे. काही जण ते टोमणा म्हणून वाचतात. मला ते खरं वाटतं. दोन शाळांच्या भांडणात एकाने दुसऱ्यासाठी दार उघडं ठेवलेलं दिसतं.

गावातल्या वाचनालयात मी सुट्टीत मुलांचा वर्ग घेते. या वेळी विषय मिटिलीनी ठेवते आहे. चिठ्ठ्या टाकणार, अर्धी मुलं क्लिऑन, अर्धी डायोडोटस, दुसऱ्या दिवशी अदलाबदल. तिसऱ्या दिवशी चिठ्ठी नाही. प्रत्येकाने उभं राहून स्वतःला काय वाटतं ते सांगायचं आणि ते कोणाच्या कोणत्या बोलण्याने बदललं तेही सांगायचं. त्या मुलीसाठी हा तिसरा दिवस मी तेव्हा ठेवायला हवा होता.

पहिली तालीम रविवारी आहे. जहाज पोचलं का, ते मी हात वर करून मतं मोजून झाल्यावरच सांगणार.